कुतार की न्युइतेन?

राऊल कुतार आणि ब्रुनो न्युइतेन. दोघेही फ्रेंच छायालेखक, दोघेही पुढे दिग्दर्शनाकडे वळले. न्युइतेनच्या 'कामिय क्लोदेल'ला (१९८८) सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं सेझार (फ्रान्सचा मानाचा चित्रपट पुरस्कार) मिळालं. देखणा चित्रपट, इझाबेल अजानी तर अप्रतिमच.

तरीही माझा जीव कुतारमध्ये अडकलाय. इंडोचायनातल्या (व्हिएतनाम आणि शेजारच्या देशांतल्या) युद्धाची छायाचित्रं काढलेला हा माणूस. 'ब्रेथलेस'च्या वेळी ट्रॉली नव्हती, म्हणून तो कॅमेरा घेऊन व्हीलचेअरवर बसायचा आणि चित्रपटाचा दिग्दर्शक गोदार ती ढकलायचा! स्वतःचा पहिला चित्रपट, 'होआ-बिन्ह' (१९७०), करायला तो व्हिएतनामलाच परतला. गोष्ट युद्धात एकट्या पडलेल्या पोराची. कान चित्रपट महोत्सवात पदार्पणाचा पुरस्कार मिळाला, ऑस्करचं नामांकनही. दोन्हींपैकी एकच बघणार असाल, तर आधी 'होआ-बिन्ह' शोधा.