ग्रीसवर चढाई: दारियसचा समुद्रमार्ग की झर्क्सीसचा खुश्कीचा?

इ.स.पू. 492 मध्ये उत्तर ग्रीसमधल्या अ‍ॅथोसच्या भूशिराजवळ वादळात इराणी आरमार फुटलं. म्हणून इ.स.पू. 490 ला इराणचा राजा पहिला दारियस याच्या सरदारांनी किनारा सोडून थेट एजियन समुद्र ओलांडला: नॅक्सॉस, एरेट्रिया, मग मॅरेथॉन. वेळ वाचला, पण सैन्य जहाजांत मावेल तेवढंच. एक लढाई हरली आणि मोहीम आटोपली.

दारियसचा मुलगा झर्क्सीस याची तयारी अफाट. आशिया आणि युरोपमधल्या हेलेस्पाँट सामुद्रधुनीवरचे पहिले पूल वादळाने तोडले. मग जहाजं शेजारीशेजारी नांगरून, जवस आणि पपायरसचे जाड दोर ताणून दोन नवे पूल झाले. ग्रीक नोंदींत 360 आणि 314 जहाजं आहेत. (सैन्याचे ग्रीक आकडे मात्र लाखांत, ते सोडून द्यावेत.) अ‍ॅथोसला सुमारे 2 किलोमीटरचा कालवा खणला, वाटेवरच्या थ्रेस प्रदेशात धान्याची कोठारं भरली. अथेन्स हातीही आलं.

खोट एकच: एवढ्या फौजेची रसद आरमारावर अवलंबून. अथेन्सजवळच्या सालामिस बेटापाशी चिंचोळ्या खाडीत जहाजांची आपसांतच कोंडी झाली, आरमार मोडलं, राजा परतला. मागे ठेवलेला सरदार मार्डोनियस इ.स.पू. 479 ला प्लाटियाच्या लढाईत मारला गेला. तरी योजना म्हणून झर्क्सीसचीच सरस. सालामिसला लढण्याची घाई नडली.