मल्याळम लोकप्रिय वाचन: सुरुवात कुठून करावी?

मोठ्यांसाठीची चित्रकथा हवी असेल तर आधी जी. अरविंदन. पुढे चित्रपट दिग्दर्शक म्हणून गाजलेल्या या माणसाची 'चेरिय मनुष्यरुम् वलिय लोकवुम्' 1961 ते 1973 'मातृभूमी' साप्ताहिकात चालली. नायक रामू सुरुवातीला बेकार, सुशिक्षित, तत्त्वाचा. वर्षं सरतात तसा तो वयानं वाढतो, पैसा करतो आणि घसरतो. म्हणून ही मालिका क्रमानंच वाचावी. निवडक पानं चाळली तर सुटे विनोद हाती लागतात, घसरण निसटते. शिवाय त्या काळच्या केरळच्या राजकारणाचे संदर्भ पदोपदी येतात. ते सांगणारं कुणी जवळ हवं.

व्यंगचित्रकार टॉम्स यांचं 'बोबनुम् मोळियुम्' नेमकं उलटं. ही जुळी भावंडं कधी मोठी होत नाहीत, त्यामुळे कुठलंही पान उघडा. 'मनोरमा' साप्ताहिकात ते शेवटच्या पानावर असायचं, आणि लोक अंक मागच्या पानापासूनच वाचायला घ्यायचे. पंचायतीचा अध्यक्ष इट्टुण्णान, खटले न मिळणारा वकील बाप: मराठी वाचकाला ही माणसं लगेच ओळखीची वाटतील. गंमत मात्र बरीचशी बोलीत आहे. लिपी नुकती शिकलेल्याची तिथं दमछाक होते.

कादंबरीत मुट्टत्तु वर्की की कोट्टयम पुष्पनाथ? वर्कींच्या 'पाडात्त पैंकिळी'मुळे (1955) भावुक प्रेमकथांना 'पैंकिळी' हा शिक्का बसला. समीक्षकांनी तो नाक मुरडत वापरला. वाक्यं सोपी, म्हणून भाषा शिकणाऱ्यानं वर्कीच घ्यावेत. पुष्पनाथ इतिहासाचे शिक्षक. त्यांचा डिटेक्टिव्ह मार्क्सिन आणि ड्रॅक्युलाकथा वेगासाठी वाचाव्यात. बाबूराव अर्नाळकरांवर पोसलेल्यांना तो वेग ठाऊक आहे. क्रमशः छापलेली कादंबरी एका बैठकीत वाचू नका. प्रत्येक हप्ता उत्कंठेवर तोडलेला असतो. सलग वाचलं की ती युक्ती उघडी पडते आणि कंटाळा येतो. रोज दोन प्रकरणं पुरेत.

'कोच्चुपुस्तकम्' म्हणजे चावट चोपडी. लेखकाचं खरं नाव क्वचितच, सालाचा भरवसा नाही. अभ्यासाला घेणार असाल तर कागद आणि छपाईवरूनच अंदाज बांधावा लागतो.

जुने साप्ताहिक अंक विकत घेताना बांधीव खंडांपेक्षा सुटे बरे. बांधणीत कडा कापल्या जातात आणि चौकटीच्या काठावरचा मजकूर जातो. वृत्तपत्री कागद आम्लामुळे ठिसूळ होतो, पिना गंजतात. पिना आधी काढा, मग पानं सपाट ठेवून स्कॅन करा.