एलिझाबेथ बॅरीवरील श्राव्य व्याख्यानमाला : पाचवा भाग सोडून जरूर ऐकावी

आमच्या वडसा भागात धानाची कापणी आटोपली की गावोगावी नाटकांचे मंडप उभे राहतात. त्याच दिवसांत, रात्री पुंजण्यांची (कापलेल्या धानाच्या ढिगांची) राखण करताना, मी ही सहा भागांची मराठी व्याख्यानमाला मोबाइलवर ऐकली. एलिझाबेथ बॅरी (१६५८–१७१३) ही इंग्रज नटी तिचा विषय आहे. दीडशे रुपयांत सुमारे चार तासांचे ऐकणे मिळते आणि भाग एकदा उतरवून घेतले की नेटवर्क लागत नाही, ही शेतावरच्या माणसासाठी मोठी सोय आहे. दुसरा भाग माझ्याकडे अर्धाच उतरला होता, पण कळवल्यावर दोन दिवसांत पूर्ण मिळाला.

१६६० मध्ये दुसरा चार्ल्स गादीवर आला, अठरा वर्षे बंद असलेली नाट्यगृहे उघडली आणि १६६२ च्या राजसनदेने स्त्रीभूमिका स्त्रियांनीच कराव्यात असे ठरले, ही पार्श्वभूमी पहिल्या भागात नेटकी येते. दंडार या आमच्याकडच्या लोकनाट्यात लुगडे नेसलेले पुरुष पाहत वाढलेल्या आम्हा लोकांना त्या बदलाचे मोल वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

खरे बळ तिसऱ्या आणि चौथ्या भागात आहे. नाटककार ऑटवेच्या ‘द ऑर्फन’ (१६८०) मधली मोनिमिया आणि ‘व्हेनिस प्रिझर्व्ह्ड’ (१६८२) मधली बेल्व्हिडेरा या भूमिकांनी बॅरी करुणरसाची पहिल्या प्रतीची नटी ठरली. मोनिमियाच्या तोंडच्या एका छोट्या उद्गारापाशी तिला दर वेळी रडू येई, हे सांगताना निवेदिका क्षणभर थांबतात, आणि तो थांबा मला फार आवडला. त्यानंतर पैशाचा विषय येतो. खर्च वजा जाता एका रात्रीचा गल्ला एकाच कलावंताला देण्याची प्रथा बॅरीपासून सुरू झाल्याचे सिबर या नटाने नोंदवले आहे. पुढे नाटक मंडळीचा मालक ख्रिस्तोफर रिच जुन्या नटांचे पैसे कापून त्यांच्या भूमिका नवख्यांना देऊ लागला, तेव्हा नट बेटरटन, बॅरी आणि नटी ब्रेसगर्डल बाहेर पडले, त्यांनी राजाकडून परवाना मिळवला आणि लंडनच्या लिंकन्स इन फील्ड्समधल्या जुन्या टेनिस कोर्टात ३० एप्रिल १६९५ रोजी काँग्रीव्हच्या ‘लव्ह फॉर लव्ह’ने स्वतःचे नाट्यगृह उघडले. हा प्रसंग इतका नीट उलगडला आहे की मी तो दोनदा ऐकला.

पाचव्या भागाने मात्र निराशा केली. अर्ल ऑफ रॉचेस्टरने तिला अभिनय शिकवला, ही कथा तिच्या मृत्यूनंतर पाव शतकाहून अधिक काळाने छापली गेली, तरी येथे ती निर्विवाद सत्य म्हणून पंचवीस मिनिटे चालते. ज्या बाईने पस्तीस वर्षे रंगमंच गाजवला, तिची कला एका उमरावाच्या खात्यात जमा करणे मला अन्यायाचे वाटते. इंग्रजी नावांची लेखी यादी सोबत द्यायला हवी होती, हीही एक उणीव आहे.

नाटकाच्या दिवशी रंगभूषेसाठी आमच्या घरी उतरलेल्या एका कलावंत ताईंना मी चौथा भाग ऐकवला. संपल्यावर त्यांनी एवढेच विचारले, “खर्च वजा करून गल्ला द्यायचे म्हणता, पण तो खर्च लिहायचं कोण?” मी त्यांना लगेच १६९५ चा प्रसंग पुन्हा लावून दिला, कारण त्या नव्या मंडळीत बॅरी स्वतः भागीदार होती.