लालबागचा सुटा फ्रँकी मसाला, पनीर फ्रँकीवर चार वेळा वापरून

मे महिन्यात आईसोबत वर्षाचा मसाला कुटून आणायला लालबागला गेलेलो, तिथेच एका दुकानात बरणीत सुटा फ्रँकी मसाला दिसला म्हणून 100 ग्रॅम घेतला आणि तेव्हापासून लागोपाठ चार शनिवार घरी पनीर फ्रँकी केली. फ्रँकी, म्हणजे रोटीत सारण गुंडाळलेला रोल, ही अस्सल मुंबईची गोष्ट, टिब्ज या ब्रँडवाल्यांनी 1969 ला सुरू केली, नाव वेस्ट इंडीजचा क्रिकेटपटू फ्रँक वॉरेलवरून. त्यात रोटीला अंड्याचा थर असतो पण आमच्याकडे शनिवारी अंडं चालत नाही, म्हणून मी रोटी बटरवर भाजतो.

मसाला खरंच चांगला आहे. पिशवी उघडली की आधी आमचूर नाकात जातो, मग काळं मीठ, आणि तिखट मागून येतं, घशाशी. गाडीवरच्या फ्रँकीची जी चव जिभेवर बसलीय ना, ती हीच.

फक्त तो शिजवायचा नाही हे मला पहिल्या शनिवारी कळलं. पनीर परततानाच दोन चमचे घातला, बिडाचा तवा चांगला तापलेला, आमचूर करपला आणि सगळं कडवट झालं. दुसऱ्या वेळी वरून भुरभुरला पण पनीरला आधीच मीठ लावलेलं, मसाल्यात साधं मीठ आणि काळं मीठ दोन्ही असल्यामुळे इतकं खारट झालं की बहिणीने अर्धी फ्रँकी तशीच ठेवली, फार वाईट वाटलं. आता 200 ग्रॅम पनीरला चक्का, लाल तिखट, हळद, आलं-लसूण आणि कसुरी मेथी एवढंच लावतो, मीठ अगदी चिमूटभर, आणि मोठ्या आचेवर दोन-तीन मिनिटांत उतरवतो कारण जास्त वेळ ठेवलं की पनीर चिवट होतं.

आणि मिरचीचं व्हिनेगर! ते नसेल तर मसाला कितीही भारी असू दे, तो नुसता पनीरचा रोलच लागतो. अर्धी वाटी पांढऱ्या व्हिनेगरमध्ये चार तिखट हिरव्या मिरच्या बारीक चिरून सकाळीच टाकून ठेवायच्या, दहा मिनिटं आधी टाकून काही होत नाही, मी करून बघितलंय. मैद्याची रोटी, त्यावर पनीर, उभा पातळ चिरलेला कांदा, चमचाभर ते व्हिनेगर मिरच्यांसकट आणि शेवटी पाऊण चमचा मसाला. मग घट्ट गुंडाळून बटर पेपर. आईने पहिला घास घेतला आणि काही न बोलता दुसरी रोटी लाटायला घेतली, मला तेवढं पुरे होतं.

तक्रार एकच, पण मोठी. पातळ प्लास्टिकच्या पिशवीत रबर लावून दिलेला, त्यावर ना तारीख ना आत काय आहे ते. घरी येऊन मीही डब्यात काढला नाही, आणि आमचूर-मीठ आपल्या इथल्या दमट हवेत पाणी ओढतंच, तिसऱ्या आठवड्यात गुठळ्या झाल्या आणि वास निम्मा उडाला. चौथ्या वेळी दीड चमचा घालूनही तो ठसका आला नाही. ज्यांना दाण्याची वगैरे ॲलर्जी आहे त्यांनी तर घेण्याआधी दुकानदाराला विचाराच.

मी परत घेणार आहे, पण 50 ग्रॅमच, आणि काचेची बरणी घरून घेऊन जाणार.