केशरी मुठीची कात्री : आठ महिने वापरून

साखर पेठेत आमचं घर. पुढच्या खोलीत दोन मशिनी आणि कापायचं टेबल. शाळा सुरू व्हायच्या आधी गणवेशाच्या टेरिकॉटचे गठ्ठे, एरवी सोलापुरी चादरीच्या पिशव्या. बावीस वर्षं मी मेरठची लोखंडी कात्री चालवली. ती चांगलीच आहे. सहा-आठ थर एकदम कापायचे तर आजही तीच काढते. पण जूनमध्ये संध्याकाळी अंगठा ताठ व्हायचा. बुडाशी घट्टा पडलेला, त्यावर चिंधी गुंडाळून कापायचं.

भाचा फिनलंडहून आला तेव्हा त्यानं तिथल्या फिस्कार्स कंपनीची केशरी कात्री आणली. इतकी हलकी, की मला वाटलं कागद कापायची असेल. टेरिकॉटचे दोन थर घेतले, खडूच्या रेघेवर लावली आणि एका दमात बाहीची गोलाई उतरली. टोकाशी कापड चावलं जात नाही, ही माझ्या लेखी सगळ्यात मोठी गोष्ट. खिशाच्या कोपऱ्यात नेमकं टोकच लागतं.

मूठ नीट बघा. वरचं भोक अंगठ्यापुरतं आणि जरा तिरकं, खालचं लांबट, तीन बोटं मावतील असं. आतली कड कुठेच टोचत नाही. चिंधी गुंडाळणं मी दुसऱ्याच आठवड्यात सोडलं.

ही मूठ ओलोफ बाकस्ट्रॉम यांनी घडवली. शिक्षण विजेच्या इंजिनिअरिंगचं, पण हा माणूस लाकूड कोरून घरात लागणाऱ्या वस्तू आणि खेळणी करायचा. ते वाचलं आणि मला उलगडा झाला. लाकूड कोरणाऱ्याला हत्यार हाताला कुठं लागतं ते ठाऊक असतंच. फिस्कार्स हे मुळात गाव, तिथं १६४९ सालापासून लोखंडाचा कारखाना. ही कात्री येईपर्यंत चांगल्या कात्रीची मूठसुद्धा पात्यासारखी लोखंडाचीच घडवत. फिस्कार्सवाल्यांनी १९६७ साली पात्यावर हाताच्या आकाराचं प्लास्टिक बसवलं. रंग केशरी झाला, कारण रस काढायच्या यंत्रासाठी आणलेलं केशरी प्लास्टिक मशिनमध्ये उरलं होतं. नमुना त्यातच निघाला, मग कारखान्यातल्या लोकांची मतं घेतली आणि तोच रंग ठरला. न्यूयॉर्कच्या आधुनिक कलेच्या संग्रहालयात ही कात्री आहे. जगभर शंभर कोटींहून जास्त खपल्या. कापडाच्या ढिगात हा रंग लगेच दिसतो, हे मात्र मी स्वतःच्या अनुभवानं सांगते.

एक जपा. धार कुणाकडेही देऊ नका. मी गल्लीत येणाऱ्या एका धारवाल्याकडे दिली, त्यानं जुन्या जाड कात्रीसारखी सहाणेवर धरली आणि आठवडाभर टोक कापड चावत राहिलं. दुसऱ्या कारागिरानं मूळचा उतार सांभाळून ती वळणावर आणली. आणि घरात सांगून ठेवा, कागदाला लावायची नाही.

सासूबाई डावखुऱ्या. जन्मभर उजव्या हाताच्या कात्रीनं कापत आल्या, त्यामुळे रेघ पात्याआड जाते आणि त्या मान वाकडी करून अंदाजानं कापतात. मी आजवर ती त्यांची सवय समजत होते. याच मुठीची डाव्या हाताची कात्रीही मिळते, हे कळल्यावर भाच्याला लगेच फोन केला. दिवाळीत येतोय तो, तेव्हा घेऊन येईल.