सीएचबीवाल्या मॅडम, वकील मोफत मिळतो: विधी सेवा प्राधिकरणाचा माझा अनुभव

मी वरिष्ठ महाविद्यालयात सहा वर्षं भूगोल शिकवते, तासिका तत्त्वावर (सीएचबी), म्हणजे घेतलेल्या तासांपुरतेच पैसे. पदवीच्या वर्गाला तासाला ९०० रुपये. प्राध्यापकपदाची पात्रता परीक्षा नेट आहे, पीएच.डी. आहे. पेपर तपासण्यापासून नॅकच्या (महाविद्यालयाच्या मूल्यांकनाच्या) फायलींपर्यंत सगळं कायम प्राध्यापकांच्या बरोबरीनं करते. मागच्या वर्षी सात महिन्यांचं मानधन थकलं. ऑफिसात विचारलं की "बिल वर पाठवलंय, मॅडम", एवढंच उत्तर. वकील करायचा तर फीला पैसे नाहीत, म्हणून गप्प बसले होते.

मैत्रीण म्हणाली, "अगं, जिल्हा न्यायालयाच्या आवारात विधी सेवा प्राधिकरण आहे, तिथे जा." मला वाटायचं, ते फार गरिबांसाठी असेल, आपण प्राध्यापक म्हणवून घेणारे, आपल्याला कोण उभं करणार? पण १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे महिलेला उत्पन्नाची अटच नाही. वकिलाची फी, कोर्ट फी काहीही भरावं लागत नाही. हे मला सहा वर्षांत कुणी सांगितलं नव्हतं, याचं आजही वाईट वाटतं. घरातून निघण्याआधी विचारायचं असेल तर १५१०० हा हेल्पलाइन नंबर आहे.

प्राधिकरणाच्या ऑफिसात टेबलापाशी एक विधी स्वयंसेविका होत्या. माझी पिशवी त्यांनीच रिकामी केली. सहा वर्षांचे सहा नेमणूक आदेश ओळीनं मांडले आणि दोन आदेशांच्या मधल्या खंडाचे दिवस प्रत्येकावर पेन्सिलीनं लिहिले. मग वेळापत्रक, तासिकांची नोंदवही, पासबुक. "ताई, नोंदवहीवर विभागप्रमुखांची सही आहे ना? मग अर्धं काम झालं," म्हणाल्या. त्या एका वाक्यानं मला केवढा धीर आला!

नेमून दिलेल्या वकिलांनी दोन गोष्टी वेगळ्या केल्या. थकलेल्या पैशांसाठी दाखलपूर्व अर्ज, म्हणजे खटला न भरता संस्थेला नोटीस पाठवून लोकअदालतीत समोरासमोर बसवणं. तडजोड झाली तर लोकअदालतीच्या निवाड्याला दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याइतकंच बळ असतं. समान वेतनाची मागणी मात्र उच्च न्यायालयात रिट याचिका करूनच मांडावी लागेल. त्यासाठी ऑगस्ट २०२५ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल त्यांनी वाचायला दिला. गुजरातच्या सरकारी अभियांत्रिकी महाविद्यालयांतले कंत्राटी सहायक प्राध्यापक महिना ३०,००० रुपयांवर काम करत होते, तेच काम करणाऱ्या नियमित प्राध्यापकांचा पगार लाखाच्या वर. न्यायालयानं त्यांना वेतनश्रेणीतलं किमान वेतन द्यायला सांगितलं, याचिकेआधीच्या तीन वर्षांची थकबाकी ८ टक्के व्याजासह. "पण तुमची नेमणूक तासिकेवरची, त्यांची कंत्राटी. हा फरक समोरचे काढणारच," हेही वकिलांनी स्पष्ट सांगितलं. खोटी आशा दाखवली नाही, याबद्दल त्यांचे आभार.

एक स्टार कापते, तो का ते सांगते. आधी नेमलेले वकील दोन तारखांना आलेच नाहीत. सुट्टी टाकली की माझे तास बुडतात, म्हणजे पैसेच बुडतात. शेवटी वकील बदलून मिळावा म्हणून साधा अर्ज दिला, तेव्हा आठवड्यात दुसरे मिळाले. तुमच्यावर अशी वेळ आली तर थांबू नका, लगेच अर्ज करा.

तिसऱ्या बैठकीत संस्थेनं पाच महिन्यांचे पैसे खात्यात भरले, उरलेल्या दोन महिन्यांची तारीख लिहून दिली. रिटची कागदपत्रं उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे गेली आहेत. जाताना मूळ आदेशांसोबत झेरॉक्सचे दोन संच न्या, आणि शक्यतो सकाळी अकराच्या आत पोहोचा.

पाचपैकी चार.