आठवीला कुठं घालायचं: गावातलं हायस्कूल की रोडवरचं इंग्लिश मीडियम?

सातवीचा निकाल लागला की पारोळा, धरणगाव, शिंदखेडा, साक्री अशा गावांत घरोघरी हाच विषय निघतो. शेजारच्यांच्या दारात व्हॅन येते, त्यांचा मुलगा टाय लावून निघतो, आणि अनुदानित हायस्कुलात पोरगं घालणाऱ्या आईबापाला वाटू लागतं की आपण लेकराचं नुकसान करतोय. माझं मत आधीच सांगून टाकतो. घरी इंग्रजीतून अभ्यास घेणारं कोणी नसेल आणि हायस्कुलात गणित-विज्ञानाला पक्के शिक्षक असतील, तर हायस्कूलच निवडा. त्यातही सेमी इंग्रजीची तुकडी, म्हणजे गणित-विज्ञान इंग्रजीतून आणि बाकी मराठीतून.

आधी पैशाचं बघू. हायस्कुलात आठवीपर्यंत फी नाही, पुस्तकं मोफत, दुपारचा पोषण आहार. मुलींची शिक्षण फी बारावीपर्यंत माफ आणि खेड्यातून येणाऱ्या मुलीला एसटीचा पासही बारावीपर्यंत फुकट. इंग्लिश मीडियमला फी, व्हॅन, पुस्तकं आणि वर ट्यूशन, कारण घरी विचारायला कोणी नसतं. आरटीईच्या (शिक्षण हक्क कायद्याच्या) 25 टक्के राखीव जागांतून नंबर लागलेल्यांनी एक गोष्ट नीट समजून घ्यावी: ती सवलत आठवीपर्यंतच आहे. नववीत पूर्ण फी सुरू होते, आणि ऐन दहावीच्या तोंडावर शाळा बदलायची वेळ येते.

याहून मोठा मुद्दा एनएमएमएसचा, म्हणजे गरीब घरातल्या हुशार मुलांसाठीच्या केंद्र सरकारच्या शिष्यवृत्तीचा. परीक्षा आठवीत असते. निवड झाली की नववी ते बारावी दरवर्षी 12,000 रुपये, म्हणजे चार वर्षांत 48,000. उत्पन्नाची अट साडेतीन लाखांची. पण बसता येतं फक्त सरकारी, स्थानिक स्वराज्य संस्थांच्या आणि अनुदानित शाळांतल्या मुलांना. विनाअनुदानित शाळेत गेलात, आणि रोडवरच्या इंग्लिश मीडियम शाळा बहुतेक तशाच असतात, की हा दरवाजा बंद. सालदारी करणाऱ्या किंवा दोन-तीन एकर कोरडवाहू कापूस लावणाऱ्या घराला ही रक्कम किती मोठी आहे, हे वेगळं सांगायला नको.

आता शिकवण्याचं. शेकडेवारीच्या तासाला मागच्या बाकावरचा मुलगा उठून सरळ म्हणतो, ‘सर, माले समजनं नही.’ सर फळा पुसतात आणि जिनिंगचं गणित मांडतात: 40 किलो कापसातून 14 किलो रुई निघाली, तर उतारा किती टक्के? अर्धा वर्ग तोंडीच 35 सांगतो, कारण हा हिशोब त्यांनी घरी ऐकलेला असतो. घरच्या बोलीत, अहिराणीत, शंका विचारायला ज्या वर्गात लाज वाटत नाही, तिथं मूल खरंच शिकतं. इंग्लिश मीडियमच्या बऱ्याच वर्गांत याच वयाची मुलं उत्तर पाठ करून गप्प बसतात, हे मला फार खटकतं.

हायस्कूलची दुखणीही खरी आहेत. शिक्षक निवृत्त होतो आणि जागा भरायला वर्षं जातात. मग कधी विज्ञान दुसऱ्याच विषयाचे शिक्षक ओढून नेतात, कधी तासाप्रमाणे पैसे देऊन नेमलेल्या शिक्षकावर भागवतात. प्रयोगशाळेला कुलूप असतं. दिवाळीनंतर कापूस वेचणीला मुलं गेली की वर्ग अर्धा रिकामा. इंग्रजी बोलण्याचा सराव जवळपास नसतोच, आणि याबाबतीत चांगली सीबीएसई शाळा नक्कीच पुढं आहे. बदलीची नोकरी असेल, किंवा नीट-जेईईचं आधीच ठरलेलं असेल आणि ऐपत असेल, तर तिकडं जाण्यात चूक नाही. फक्त त्या शाळेला दहावीपर्यंत बोर्डाची मान्यता आहे का, ते कागद मागून बघा.

अकरावी सायन्सला इंग्रजी येणारच, मग आत्ताच का नको, असं बरेच पालक विचारतात. सेमीत गणित आणि विज्ञान इंग्रजीतूनच होतं, बाकी विषय मराठीत, त्यामुळे तो धक्का बराच कमी बसतो. शिवाय एसएससी बोर्डात चित्रकलेची इंटरमिजिएट पास झाल्यास श्रेणीप्रमाणे 7, 5 किंवा 3 गुण वाढीव मिळतात. खेळाचेही मिळतात.

नवोदयला, म्हणजे केंद्र सरकारच्या निवासी शाळेला, नंबर लागला तर मात्र यातलं काहीच तोलत बसू नका, पाठवा. सहावीच्या 80 जागांसाठी परीक्षा असते, नववीलाही रिकाम्या जागांसाठी घेतात.

प्रवेशाआधी एखाद्या साध्या वारी, मधल्या सुट्टीनंतर, दोन्ही शाळांत जाऊन या. त्या वेळी कुठल्या वर्गावर शिक्षक नाही ते दिसतं. ऑफिसात एवढंच विचारा: नववी-दहावीला गणित, विज्ञान आणि इंग्रजी कोण शिकवतं, आणि ते किती वर्षांपासून इथं आहेत? गावातल्या हायस्कुलात या तिन्हींपैकी दोन विषयांना पक्का माणूस नसेल, तर माझं वरचं मत बाजूला ठेवा आणि शेजारच्या गावातलं अनुदानित हायस्कूल बघा. एसटीच्या पासात जाणं-येणं भागतं.